युद्धसज्ज राजधानीची दोन नगरचरित्रे : मार्गारेट लीच आणि डेव्हिड ब्रिंक्ली यांच्या ग्रंथांचा चिकित्सक विचार

प्रास्ताविक

युद्धाचा इतिहास बहुधा रणभूमीच्या अनुषंगाने लिहिला जातो. सेनापती, मोहिमा, जय आणि पराजय ही त्याची मुख्य अंगे मानली जातात. परंतु युद्ध रणभूमीवर लढले जाण्यापूर्वी ते राजधानीत उभे करावे लागते. सैन्यभरती, रसद, निधी, कंत्राटे, वाहतूक, रुग्णालये आणि या सर्वांचा कागदोपत्री हिशेब ही कामे करण्यासाठी राजधानीत अल्पावधीत हजारो माणसे येतात. त्यांना राहावयास जागा लागते, अन्न-पाणी लागते, कामासाठी इमारती लागतात. त्यामुळे शत्रूचे पाऊल शहरात पडले नाही तरी शहर बदलते. या बदलाचे चित्रण करणारे ग्रंथ तुलनेने थोडे आहेत.

अमेरिकेची राजधानी वॉशिंग्टन हिच्याविषयीचे असे दोन ग्रंथ विशेष वाचले गेले. पहिला, मार्गारेट लीच यांचा 'रेव्हेली इन वॉशिंग्टन' (१९४१). यात १८६० ते १८६५ या यादवी युद्धाच्या काळातील शहराचे चित्रण आहे. दुसरा, डेव्हिड ब्रिंक्ली यांचा 'वॉशिंग्टन गोज टु वॉर' (१९८८). याचा विषय दुसऱ्या महायुद्धातील वॉशिंग्टन हा आहे. पहिल्या ग्रंथाला १९४२ चे इतिहासविषयक पुलित्झर पारितोषिक मिळाले आणि हा मान मिळविणाऱ्या लीच या पहिल्या महिला ठरल्या. विशेष म्हणजे लीच यांचा ग्रंथ ज्या वर्षी प्रसिद्ध झाला त्याच वर्षी वॉशिंग्टन पुन्हा एका युद्धाच्या सिद्धतेत गुंतले होते. म्हणजे ब्रिंक्ली यांच्या ग्रंथाचा विषय असलेल्या शहरातच लीच यांच्या ग्रंथाचे पहिले वाचक वावरत होते.

प्रस्तुत लेखात या दोन ग्रंथांचा तौलनिक विचार केला असून त्यांच्या जोडीला त्या त्या काळातील एकेक आत्मकथन घेतले आहे. युद्धाने राजधानी बदलते, हे दोन्ही नगरचरित्रे समर्थपणे दाखवितात. मात्र युद्ध संपल्यावर त्या बदलातील काय टिकते, काय पुसले जाते आणि ते कोण पुसते, हा प्रश्न या वाङ्मयप्रकाराच्या चौकटीबाहेर राहतो, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

नगरचरित्र : वाङ्मयप्रकाराचे स्वरूप

शहराला एखाद्या व्यक्तीप्रमाणे नायकत्व देऊन त्याची जडणघडण सांगणे हे नगरचरित्राचे वैशिष्ट्य होय. मराठी वाचकाला नगरवर्णनाची परंपरा अपरिचित नाही. गोविंद नारायण माडगांवकर यांचे 'मुंबईचे वर्णन' १८६३ मध्ये प्रसिद्ध झाले. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे मुंबईच्या कापूस-व्यापाराला अकस्मात भरती आलेली होती, तोच हा काळ. माडगांवकरांची दृष्टी वस्ती, व्यापार, इमारती, चालीरीती यांची नोंद घेत जाणारी आहे. लीच आणि ब्रिंक्ली यांची पद्धती वेगळी आहे. ते पाच-सहा वर्षांचा एक कालखंड निवडतात आणि त्या खंडाला कथेचा आकार देतात. आरंभी अपुरे, सुस्त शहर, मध्ये युद्धाचा लोंढा आणि अखेरीस मोठे झालेले, बदललेले शहर असा हा आकार आहे.

या आकाराचे सामर्थ्य उघड आहे. विखुरलेल्या शेकडो तपशिलांना त्यामुळे एक सूत्र मिळते आणि वाचकाला शहर समोर घडताना दिसते. परंतु चरित्राला नायक लागतो आणि नायक एकच असावा लागतो. शहर हा जर एकच नायक मानला तर त्या शहरात एकाच वेळी नांदणारी दोन शहरे, अधिकाराचे आणि वस्तीचे, गोऱ्यांचे आणि काळ्यांचे, एका नावाखाली झाकली जाण्याचा धोका उद्भवतो. पुढील विवेचनात या धोक्याचाच माग घेतला आहे.

लीच यांचे वॉशिंग्टन : अपुऱ्या घुमटाखालील छावणी

लीच मूळच्या कादंबरीकार होत्या, ही गोष्ट त्यांच्या ग्रंथाच्या पहिल्याच प्रकरणात जाणवते. सेनापती विनफिल्ड स्कॉट यांच्यापासून त्या आरंभ करतात आणि शहरापेक्षा सेनापतीचे वय अधिक असल्याचे शीर्षकातच सुचवितात. स्कॉट यांचा जन्म १७८६ चा, तर संघराज्याचे शासन वॉशिंग्टनमध्ये आले ते १८०० मध्ये. म्हाताऱ्या सेनापतीचे थकलेले शरीर आणि पोरवयातील अपुरी राजधानी यांच्या विरोधातून देशाची अवस्था सूचित होते. कॅपिटॉल या संसदभवनाचा नवा घुमट अर्धवट होता. वॉशिंग्टन स्मारकाचा स्तंभ बांधकाम थांबल्यामुळे बुंध्यासारखा उभा होता. रुंद रस्ते आखलेले होते, पण ते चिखलाने भरलेले होते.

एप्रिल १८६१ मध्ये युद्ध सुरू होताच या शहराची स्थिती मोठी चमत्कारिक झाली. एका बाजूस व्हर्जिनिया हे बंडखोर राज्य आणि दुसऱ्या बाजूस गुलामी मान्य असणारे मेरीलँड. १९ एप्रिल रोजी मॅसॅच्युसेट्सच्या सहाव्या पलटणीवर बाल्टिमोर येथे जमावाने हल्ला केला. त्यानंतर काही दिवस उत्तरेशी असलेला राजधानीचा संपर्क तुटला. आलेल्या पलटणींना राहण्यासाठी जागा नव्हती, म्हणून सिनेटच्या सभागृहात सैनिक झोपले आणि संसदभवनाच्या तळघरात पाव भाजण्याच्या भट्ट्या पेटल्या. अर्धवट स्मारकाभोवतीच्या मैदानात सैन्यासाठी आणलेली गुरे चरू लागली. युद्धअखेरपर्यंत शहराभोवती ६८ किल्ल्यांचे कडे उभे राहिले.

लीच यांच्या चित्रणातील सर्वांत प्रभावी भाग इमारतींच्या बदललेल्या उपयोगाचा आहे. पेटंट कार्यालयात नव्या शोधांच्या प्रतिकृती मांडलेल्या असत. तेथे जखमींच्या खाटा लागल्या. चर्च, हॉटेले, शाळा यांचीही रुग्णालये झाली. जॉर्जटाऊनमधील युनियन हॉटेल या अशाच रुग्णालयात लुइसा मे अल्कॉट यांनी परिचारिका म्हणून काम केले. विषमज्वरामुळे त्यांना ते लवकरच सोडावे लागले आणि त्या अनुभवातून 'हॉस्पिटल स्केचेस' (१८६३) हे पुस्तक सिद्ध झाले. कवी वॉल्ट व्हिटमन जखमी भावाच्या शोधात डिसेंबर १८६२ मध्ये निघाले आणि पुढे वॉशिंग्टनमध्येच राहून रुग्णालयांतून सैनिकांची शुश्रूषा करू लागले. अशा सहाशेहून अधिक भेटी आपण दिल्या, असा त्यांचा स्वतःचा हिशेब आहे. मार्च १८६५ मध्ये लिंकन यांच्या दुसऱ्या शपथविधीनिमित्त नृत्यसमारंभ झाला तो पेटंट कार्यालयातच. ज्या दालनात आधी माणसे मरत होती तेथेच संगीत वाजत आहे, या विसंगतीची नोंद व्हिटमन यांनी करून ठेवली आहे. एकाच वास्तूचे हे तीन उपयोग युद्धकालीन राजधानीचे स्वरूप अनेक पाने खर्चूनही साधणार नाही इतक्या नेमकेपणाने व्यक्त करतात.

लोकसंख्येचे आकडेही बोलके आहेत. १८६० च्या जनगणनेनुसार कोलंबिया जिल्ह्याची लोकसंख्या ७५,०८० होती, ती १८७० मध्ये १,३१,७०० झाली. याच दहा वर्षांत कृष्णवर्णीयांची संख्या १४,३१६ वरून ४३,४०४ वर गेली. म्हणजे एकूण लोकसंख्या दुपटीलाही पोहोचली नाही, तर कृष्णवर्णीयांची संख्या तिपटीवर गेली. ही वाढ मुख्यतः दक्षिणेतील मळ्यांवरून पळून आलेल्या गुलामांमुळे झाली. शासनाच्या दप्तरात त्यांना 'काँट्राबँड', म्हणजे शत्रूकडून जप्त केलेला माल, असा शब्द होता. माणूस मालमत्तेच्या वर्गातून बाहेर पडत असतानाही त्याला मालमत्तेचेच नाव मिळावे, यातून त्या काळातील संक्रमणाची अपूर्णता स्पष्ट होते.

लीच यांच्या ग्रंथात या आश्रितांना स्थान आहे, त्यांच्या छावण्यांतील हालांचीही दखल आहे. तथापि कथेची गती सेनापतींच्या बदल्या, अध्यक्षनिवासातील वातावरण, रोझ ग्रीनहाऊ यांच्यासारख्या हेरांची धरपकड, जुलै १८६४ मध्ये जनरल अर्ली यांच्या फौजेने फोर्ट स्टीव्हन्सपर्यंत मारलेली धडक यांतून निर्माण होते. लोंढा म्हणून आलेले लोक पार्श्वभूमीत राहतात. मे १८६५ मधील विजयी सैन्याच्या भव्य संचलनाने शहराची कहाणी पूर्णत्वास जाते. संचलनानंतर सैनिक घरी परतले, आश्रित मात्र परतले नाहीत. ग्रंथ जेथे थांबतो तेथून त्यांचे शहर सुरू होते.

ब्रिंक्ली यांचे वॉशिंग्टन : गाव, कचेरी आणि महासत्ता

डेव्हिड ब्रिंक्ली १९४३ मध्ये वार्ताहर म्हणून वॉशिंग्टनमध्ये आले आणि पुढे दूरचित्रवाणीवरील वृत्तनिवेदक म्हणून प्रसिद्धीस पावले. युद्धकाळानंतर चार दशकांहून अधिक काळाने त्यांनी हा ग्रंथ लिहिला. लीच यांच्यापुढे केवळ कागदपत्रे होती, तर ब्रिंक्ली यांनी तो काळ पाहिलेला होता. म्हणूनच त्यांची शैली कोरडी, मिश्किल आणि प्रसंगनिष्ठ आहे. उच्चभ्रू यजमानिणींच्या मेजवान्या, नाममात्र एक डॉलर वेतनावर आलेले उद्योगपती, परस्परांशी भांडणारी नवी मंडळे आणि कार्यालये, भाड्याच्या खोल्यांसाठीची धावपळ हे सर्व त्यांनी खेळकरपणे टिपले आहे. पेट्रोलचे रेशनिंग सुरू झाल्यावर अमर्याद पेट्रोल देणारे 'एक्स' कार्ड अनेक लोकप्रतिनिधींनी स्वतःसाठी घेतले होते. त्यागाचे आवाहन करणाऱ्या राजधानीचे हे रूप त्यांच्या उपरोधाला पोषक ठरणारेच होते.

या काळातील वाढीचे प्रमाण निराळेच होते. जिल्ह्याची लोकसंख्या १९३० मध्ये ४,८६,८६९ होती, ती १९४० मध्ये ६,६३,०९१ आणि १९५० मध्ये ८,०२,१७८ झाली. टंकलेखन आणि कारकुनीसाठी देशभरातून तरुण स्त्रिया आल्या. 'गव्हर्न्मेंट गर्ल्स' या नावाने त्या ओळखल्या जाऊ लागल्या. त्यांच्यासाठी पोटोमॅक नदीपलीकडे आर्लिंग्टन फार्म्स येथे वसतिगृहांची वसाहत उभारली गेली. मात्र ती गोऱ्या स्त्रियांसाठी होती. कृष्णवर्णीय स्त्री-कर्मचाऱ्यांसाठी स्लो हॉलसारखी वेगळी वसतिगृहे बांधली गेली. एकाच शासनासाठी, एकाच युद्धासाठी काम करणाऱ्या स्त्रियांची रात्रीची वस्ती अशी वर्णानुसार विभागलेली होती.

युद्धसज्जतेचे वास्तुरूप म्हणजे पेंटॅगॉन. जुलै १९४१ मध्ये ब्रेहॉन सॉमरव्हेल या अधिकाऱ्याने अवघ्या काही दिवसांत आराखडा तयार करण्यास सांगितले. ११ सप्टेंबर १९४१ रोजी काम सुरू झाले आणि १५ जानेवारी १९४३ रोजी, म्हणजे सोळा महिन्यांत, ते पूर्ण झाले. या घाईतही व्हर्जिनियाच्या वर्णभेदी कायद्याला अनुसरून गोऱ्यांसाठी व काळ्यांसाठी स्वतंत्र स्वच्छतागृहांची तरतूद आराखड्यात करण्यास विसर पडला नाही. वस्तुतः संरक्षण-उद्योग आणि शासकीय नोकऱ्यांत भेदभावास मनाई करणारा अध्यक्षीय आदेश क्रमांक ८८०२ त्याच वर्षी २५ जून रोजी निघालेला होता. तोही सहज निघाला नव्हता. कामगारनेते ए. फिलिप रँडॉल्फ यांनी राजधानीवर मोर्चा नेण्याचा इशारा दिल्यानंतर तो काढण्यात आला.

ब्रिंक्ली वर्णभेदाची दखल स्पष्टपणे घेतात, हे येथे नमूद केले पाहिजे. स्वतः दक्षिणेत वाढलेले असूनही ते त्याविषयी सारवासारव करीत नाहीत. वॉशिंग्टनच्या नागरिकांना स्वतःचे नगरशासन निवडण्याचा हक्क नव्हता. शहराचा कारभार संसदेच्या समित्या पाहत आणि त्यांवर दक्षिणेतील सदस्यांचा प्रभाव असे. १९४४ पासून सिनेटच्या जिल्हा-समितीचे अध्यक्षपद मिसिसिपीचे कडवे वर्णवर्चस्ववादी सिनेटर थिओडोर बिल्बो यांच्याकडे होते. जगाला लोकशाहीसाठी लढण्याचे आवाहन करणाऱ्या राजधानीत लोकशाही नव्हती, ही विसंगती उघड आहे. परंतु ब्रिंक्ली यांच्या मांडणीत ती अनेक विसंगतींपैकी एक होऊन येते. रेशनकार्डातील लबाडी, मेजवान्यांतील स्पर्धा आणि वर्णभेद हे सर्व एकाच मिश्किल सुरात सांगितले गेल्याने त्यांचे वजन सारखे वाटू लागते. उपरोधाला अन्याय दिसतो, पण अन्यायातील अंतर मोजणे त्याला कठीण जाते.

'मोठे होणे' या रूपकाची मर्यादा

दोन्ही ग्रंथांचे अंतर्गत सूत्र एकच आहे. युद्धापूर्वीचे वॉशिंग्टन म्हणजे दक्षिणेकडील एक सुस्त गाव आणि युद्धानंतरचे वॉशिंग्टन म्हणजे खरीखुरी राजधानी. एकाच शहराने हा प्रवास ऐंशी वर्षांच्या अंतराने दोनदा कसा केला, असा प्रश्न दोन ग्रंथ एकत्र वाचले की अपरिहार्यपणे उभा राहतो. १८६५ मध्ये प्रौढ झालेले शहर १९४० मध्ये पुन्हा गाव कसे झाले? स्वतंत्रपणे वाचताना हा प्रश्न पडत नाही, कारण प्रत्येक ग्रंथाला आपल्या कथेसाठी एक निष्पाप आरंभ हवा असतो.

याचे उत्तर दोन युद्धांच्या मधल्या काळात आहे. कोलंबिया जिल्ह्यातील कृष्णवर्णीय पुरुषांना १८६७ मध्ये मताधिकार मिळाला. परंतु १८७४ मध्ये जिल्ह्यातील सर्वच नागरिकांचे स्थानिक स्वराज्य काढून घेण्यात आले आणि कारभार नियुक्त आयुक्तांकडे गेला. अध्यक्षीय निवडणुकीतील मताधिकार मिळण्यास १९६१ आणि मर्यादित स्थानिक स्वराज्य परत मिळण्यास १९७३ हे वर्ष उजाडावे लागले. म्हणजे युद्धाने दिलेले काही हक्क शांततेने परत घेतले. १९४० चे 'सुस्त गाव' ही जुनी, नैसर्गिक अवस्था नव्हती. ती राजकीय निर्णयांनी घडविलेली अवस्था होती. रूपकाने ती वयाची अवस्था ठरविली.

तात्पुरते आणि कायमचे यांचा खेळ वास्तूंतही दिसतो. पहिल्या महायुद्धात १९१८ मध्ये नॅशनल मॉल परिसरात नौदल आणि दारूगोळा विभागांसाठी 'तात्पुरत्या' इमारती बांधल्या गेल्या. त्या १९७० मध्ये पाडल्या गेल्या. दुसऱ्या महायुद्धात त्यांच्या जोडीला आणखी तात्पुरत्या इमारती आल्या. कचेऱ्यांना तात्पुरतेपण अर्धशतक पुरले, तर माणसांच्या हक्कांना ते एक दशकही पुरले नाही.

दोन साक्षी : एलिझाबेथ केक्ली आणि पॉली मरे

नगरचरित्रांची ही मर्यादा दोन आत्मकथनांच्या सान्निध्यात अधिक स्पष्ट होते. एलिझाबेथ केक्ली यांचे 'बिहाइंड द सीन्स' १८६८ मध्ये प्रसिद्ध झाले. गुलामीत जन्मलेल्या केक्ली यांनी १८५५ मध्ये १,२०० डॉलर भरून स्वतःची व मुलाची सुटका करून घेतली. १८६० मध्ये त्या वॉशिंग्टनमध्ये आल्या आणि पुढे मेरी लिंकन यांच्या वेषभूषाकार झाल्या. बहुतेक इतिहासलेखनात त्या याच नात्याने आठवल्या जातात. परंतु १८६२ मध्ये आश्रितांची दैना पाहून त्यांनी 'काँट्राबँड रिलीफ असोसिएशन' ही संस्था स्थापन केली, ही घटना शहराच्या दृष्टीने अधिक महत्त्वाची आहे. जखमी सैनिकांसाठी गोरे लोक निधी जमवितात, तर आपल्या लोकांसाठी आपण का जमवू नये, या विचारातून चर्चमध्ये ही कल्पना पुढे आली आणि दोन आठवड्यांत चाळीस कार्यकर्ते जमले. लोंढा म्हणून दिसणाऱ्या गर्दीत संघटना उभी राहत होती, हे केक्ली यांच्या साक्षीतून कळते.

केक्ली यांची दृष्टीही निर्दोष नाही. स्वकष्टाने वर आलेल्या कुशल कारागिराचा अभिमान त्यांच्या लेखनात आहे. मळ्यांवरून आलेल्या गरीब आश्रितांच्या भाबड्या अपेक्षांविषयी लिहिताना त्यांच्या स्वरात थोडे अंतर जाणवते. तरीही त्या आश्रितांना शहराचे रहिवासी म्हणून पाहतात, हे महत्त्वाचे.

दुसरी साक्ष पॉली मरे यांची. 'साँग इन अ वेअरी थ्रोट' हे त्यांचे आत्मचरित्र १९८७ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झाले. ब्रिंक्ली यांच्या ग्रंथाच्या आदल्याच वर्षी. युद्धकाळात मरे हॉवर्ड विद्यापीठात कायद्याचे शिक्षण घेत होत्या. गांधींच्या सत्याग्रहतंत्राची ओळख त्यांना कृष्णलाल श्रीधराणी यांच्या 'वॉर विदाउट व्हायोलन्स' (१९३९) या ग्रंथामुळे झालेली होती. १९४३ मध्ये हॉवर्डच्या विद्यार्थ्यांनी लिटल पॅलेस कॅफेटेरिया येथे आणि एप्रिल १९४४ मध्ये थॉम्पसन उपाहारगृहात बैठा सत्याग्रह केला. एकत्र मरता येते तर एकत्र जेवता का येत नाही, असा त्यांच्या फलकाचा आशय होता. थॉम्पसनमध्ये काही कृष्णवर्णीय सैनिकही येऊन बसले. दोन्ही ठिकाणी त्यांना अन्न वाढले गेले. परंतु विद्यापीठ संसदेच्या अनुदानावर अवलंबून होते. त्या अनुदानाच्या काळजीने विद्यापीठ-प्रशासनाने विद्यार्थ्यांना ही चळवळ थांबविण्यास सांगितले.

उच्च शिक्षणाच्या क्षेत्रातील वाचकाने या घटनेकडे थांबून पाहावे असे तिचे स्वरूप आहे. प्रशासनाची भीती निराधार नव्हती. तिजोरीच्या किल्ल्या ज्यांच्या हाती होत्या त्यांत बिल्बो यांच्यासारखे लोक होते. पण त्यामुळेच हे स्पष्ट होते की, राजधानीत बदल आपोआप होत नव्हता. तो कुणीतरी घडवीत होते, कुणीतरी रोखीत होते आणि काहीजण नाइलाजाने थांबवीत होते. 'शहर बदलले' या कर्त्यावाचूनच्या वाक्यात ही सर्व माणसे हरवतात.

ग्रंथांच्या सीमेबाहेरील दोन साखळ्या

युद्ध हाच ग्रंथाचा कालखंड मानल्यास काय सुटते, हे दोन उदाहरणांवरून पाहता येईल.

पहिले उदाहरण भूमीचे आहे. यादवी युद्धात शासनाने सेनापती रॉबर्ट ली यांच्या कुटुंबाची आर्लिंग्टन येथील मालमत्ता ताब्यात घेतली. १८६३ मध्ये तिच्या एका भागावर मुक्त झालेल्या गुलामांसाठी 'फ्रीडमन्स व्हिलेज' ही वसाहत वसविण्यात आली. तात्पुरती म्हणून सुरू झालेली ही वस्ती चांगली रुजली, पण १९०० मध्ये शासनाने ती बंद केली. तेथील लोक जवळपासच्या वस्त्यांत गेले. त्यांपैकी क्वीन सिटी ही एक होती. १९४२ मध्ये पेंटॅगॉनच्या रस्त्यांच्या जाळ्यासाठी क्वीन सिटी संपादित करून पाडण्यात आली. एका युद्धाने वसविलेली वस्ती शांततेने हलविली आणि दुसऱ्या युद्धाने पुसली. ही साखळी ना १८६५ मध्ये संपणाऱ्या ग्रंथात पूर्ण दिसू शकते, ना महायुद्धापासून सुरू होणाऱ्या ग्रंथात.

दुसरे उदाहरण कायद्याचे आहे. १८७२ आणि १८७३ मध्ये कोलंबिया जिल्ह्याच्या तत्कालीन विधानसभेने उपाहारगृहांतील वर्णभेदास मनाई करणारे कायदे केले. ते कधीच रद्द झाले नाहीत. ते केवळ अमलात आणणे बंद झाले आणि कालांतराने विस्मृतीत गेले. १९४४ मध्ये थॉम्पसनमध्ये बसलेले विद्यार्थी जे मागत होते ते त्या शहराच्या कायद्यात सत्तर वर्षांपूर्वीच लिहिलेले होते. १९५० मध्ये मेरी चर्च टेरेल या वयोवृद्ध कार्यकर्तीने थॉम्पसनच्याच दुसऱ्या एका उपाहारगृहात जाऊन हा प्रश्न न्यायालयापर्यंत नेला. टेरेल यांचा जन्म यादवी युद्धाच्या काळातील, १८६३ चा. जून १९५३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे कायदे अद्यापि लागू असल्याचा निर्णय दिला.

१८७३ हे वर्ष मराठी वाचकाच्या परिचयाचे आहे. याच वर्षी महात्मा जोतीराव फुले यांनी 'गुलामगिरी' हा ग्रंथ प्रसिद्ध केला आणि गुलामीच्या निर्मूलनासाठी झटलेल्या अमेरिकेतील सज्जनांना तो अर्पण केला. अमेरिकेत जे घडले त्यातून आपल्या देशबांधवांनी धडा घ्यावा, ही त्यामागील आशा होती. पुण्यात ही अर्पणपत्रिका छापली जात असताना वॉशिंग्टनमध्ये समतेचा कायदा संमत होत होता आणि दूर पुण्यात ज्याची आठवण जपली जात होती ती मुक्तीची परंपरा प्रत्यक्ष त्या राजधानीत लवकरच विसरली जाणार होती.

मुक्ती आणि तिची नोंद यांचा संबंध आणखी एका तपशिलातून दिसतो. १६ एप्रिल १८६२ रोजी कोलंबिया जिल्ह्यातील सुमारे ३,१०० गुलाम कायद्याने मुक्त झाले. भरपाई मिळाली ती मालकांना. कॅपिटॉलच्या घुमटावरील स्वातंत्र्यदेवतेचा पुतळा क्लार्क मिल्स यांच्या ओतशाळेत घडला. त्या कामात फिलिप रीड या गुलाम कारागिराचा मोठा वाटा होता. त्याच्या मुक्तीबद्दलही मिल्स यांनी भरपाईचा दावा केला. २ डिसेंबर १८६३ रोजी पुतळा घुमटावर चढला तेव्हा रीड स्वतंत्र नागरिक होता. अपुरा घुमट पुरा होणे हे राष्ट्राच्या पूर्णत्वाचे प्रतीक म्हणून वारंवार सांगितले जाते. त्याच घुमटाची ही दुसरी कथा त्या प्रतीकाला खोटे ठरवीत नाही, पण त्याची किंमत कुणी चुकती केली ते सांगते.

समारोप

वरील विवेचनावरून काही निष्कर्ष मांडता येतात.

१. लीच यांचा ग्रंथ वास्तू, चिखल, आवाज आणि माणसे यांच्या सूक्ष्म तपशिलांतून युद्धसज्ज शहर उभे करतो. वाङ्मयीन दृष्ट्या तो दोहोंत सरस आहे. ब्रिंक्ली यांचा ग्रंथ शासनयंत्रणेच्या फुगण्याचे आणि तिच्या अंतर्विरोधांचे मार्मिक दर्शन घडवितो.

२. दोन्ही ग्रंथांनी स्वीकारलेले 'गावाची राजधानी झाली' हे सूत्र वाचनीयता वाढविते, परंतु मधल्या काळातील राजकीय माघार झाकते. दोन ग्रंथ एकत्र वाचल्यावरच हे सूत्र अपुरे असल्याचे ध्यानात येते.

३. केक्ली आणि मरे यांची आत्मकथने नगरचरित्रांना पर्याय नव्हेत. त्यांना स्वतःच्या मर्यादा आहेत. पण नगरचरित्र ज्याला लोंढा म्हणते तेथे त्यांना माणसे, सभा, वर्गणी आणि निर्णय दिसतात. म्हणून युद्धकालीन शहराच्या अभ्यासात हे दोन्ही प्रकार परस्परांच्या जोडीने वाचले गेले पाहिजेत.

४. युद्धसज्जतेत राजधानी बदलते, कारण गरजेपुढे जुने नियम वाकतात. गरज सरल्यावर वाकलेले नियम पुन्हा ताठ होतात. इमारती उभ्या राहतात, कारण त्यांची देखभाल करणारे खाते असते. हक्कांची देखभाल करणारे खाते नसते. ती देखभाल स्मरणाने आणि आग्रहानेच करावी लागते. सत्तर वर्षे कायद्याच्या पुस्तकात पडून राहिलेली दोन कलमे आणि ती शोधून पुन्हा उपाहारगृहाच्या दारात उभी राहिलेली नव्वदीकडे झुकलेली स्त्री, यांचा इतिहास कोणत्याही एका युद्धाच्या ग्रंथात मावत नाही. राजधानीच्या स्थित्यंतराचा विचार करणाऱ्या पुढील अभ्यासाला मात्र तो टाळता येणार नाही.